चॅप्लिन घड्याळ तपासतो तेव्हा: शंभर वर्षांपूर्वीच्या मूक कॉमेडीत रोजचं जगणं कसं सापडतं

मागच्या रविवारी भाची आली होती, वय वर्षं नऊ. मोबाईल काढून घेतला म्हणून तोंड फुगवून बसलेली. म्हटलं चल तुला खरी कॉमेडी दाखवतो, आणि टीव्हीवर चॅप्लिनची १९१६ सालची ‘द पॉनशॉप’ लावली. त्यात तो फेमस सीन आहे बघा, चार्ली गहाणवटीच्या दुकानात नोकर, आणि एक गिऱ्हाईक गजराचं घड्याळ गहाण टाकायला घेऊन येतं. चार्ली त्या घड्याळाला आधी डॉक्टरसारखा स्टेथोस्कोप लावतो, मग हातोडीनं ठोकून बघतो, मग टिनचा डबा फोडतात त्या कटरनं त्याचं झाकण उघडतो, आत नाक घालून वास घेतो आणि असं तोंड करतो की जणू आत नासलेले मासे आहेत. मग एकेक पार्ट बाहेर. स्प्रिंग ओढून कापडासारखी हातानं मापतो, टेबलावर वळवळणाऱ्या चक्रांवर तेल टाकून त्यांना गप्प करतो, आणि शेवटी ते सगळं भंगार गिऱ्हाइकाच्याच हॅटमध्ये भरून, मान हलवून परत. नाही चालणार, घेऊन जा.

मी हसून लोळतोय आणि ही म्हणते, “मामा, ते काय आहे?”

“घड्याळ गं.”

“मग आत इतकं सामान कशाला?”

बोंबला. चावीचं घड्याळ तिनं आयुष्यात उघडलेलं बघितलं नाही, गहाण टाकणं म्हणजे काय ते माहीत नाही, टिनचा डबा आमच्याकडे येतो तो वर रिंग असलेला. म्हणजे १९१६ मध्ये थिएटरात बसलेल्या माणसाला जे डोळे मिटून कळत होतं त्यातलं तिच्याकडे काहीच नाही. तो शिडीवरून पडतो तेव्हा मात्र खदखदून हसली. पडणं कळायला काही माहीत असावं लागत नाही.

तेव्हापासून हे डोक्यात फिरतंय, म्हणून लिहायला घेतलं. मूक कॉमेडी म्हटलं की आपल्याला केक फेकणं, लाथा, पळापळ एवढंच आठवतं. पण या दहा-वीस मिनिटांच्या फिल्म्समध्ये त्या काळचं रोजचं जगणं जितकं गच्च भरून राहिलंय तितकं मोठ्या गंभीर सिनेमांतही नाही, आणि ते कुणी ठरवून भरलेलं नाही. विनोद चालावा म्हणून भरावं लागलं. कसं ते सांगतो.

गॅग म्हणजे काय? तुमच्या ओळखीची एक वस्तू घ्यायची, तिचं काम काय ते तुम्हाला पक्कं माहीत असतं, आणि मग तिच्याशी भलत्याच वस्तूसारखं वागायचं. घड्याळ पेशंट होतं, मग मासळीचा डबा होतं, मग कापडाचा ठाण होतं. आता बोलायची सोय नाही, आवाज नाही, मधूनमधून पाटीवर चार शब्द येतात तेवढेच, तर ती वस्तू बघता क्षणी ओळखू आली पाहिजे. त्यामुळे घड्याळ तेव्हाच्या घराघरात असायचं तसंच लागतं, दुकान गल्लीतल्या दुकानासारखंच लागतं. राजवाड्याची गोष्ट असेल तर खोटा राजवाडा खपून जातो, कारण प्रेक्षकानं तरी राजवाडा कुठे बघितलाय? पण स्वयंपाकघर खोटं असलं तर समोर बसलेल्या बाईला लगेच कळतं.

हे अगदी पहिल्यापासून आहे. सिनेमा दाखवायचं मशीन काढणाऱ्या फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंची १८९५ सालची पाऊण मिनिटाची फिल्म आहे, नावाचा अर्थ साधारण ‘पाणी घालणाराच भिजला’. माळी बागेत रबरी पाइपानं पाणी घालतोय. मागून एक पोरगा येऊन पाइपावर पाय ठेवतो. पाणी बंद. माळी पाइपाच्या तोंडात डोकावून बघतो, पोरगा पाय उचलतो, फवारा थेट तोंडावर, टोपी उडते. माळी पोराला धरतो आणि बदडतो. संपली फिल्म. जगातली पहिली ठरवून रचलेली विनोदी फिल्म बहुतेक हीच म्हणतात. पॅरिसच्या ग्रँड कॅफेत २८ डिसेंबर १८९५ ला जो पहिला तिकीट लावून शो झाला, एक फ्रँक तिकीट आणि दहा छोट्या फिल्म्स, त्यात ही होती. माळ्याचं काम केलंय फ्रान्स्वा क्लेर यानं, आणि तो खरोखरच ल्युमिएरांच्या घरचा माळी होता. म्हणजे अ‍ॅक्टर आणून माळी बनवलेला नाही, माळ्यालाच उभा केलाय, त्यामुळे तो पाइप कसा धरतो, कसा उभा राहतो ते सगळं खरं.

एक गंमत नीट बघा. पोरगा पळतो तेव्हा माळी त्याला पकडतो, आणि जिथे पकडला तिथेच न मारता ओढत परत पुढे, फ्रेममध्ये आणतो, मग मारतो. कारण कॅमेरा एका जागी रोवलेला, तो काही हलणार नाही, मग मार खाणाऱ्यालाच कॅमेऱ्यासमोर यावं लागतं. मला हे बघून दरवेळी हसू येतं, मूळ जोकपेक्षा जास्त.

पुढच्या दहा-पंधरा वर्षांत कॉमेडीचं गाव म्हणजे फ्रान्स. तिथे अ‍ॅलिस गी नावाची बाई होती, गोमाँ कंपनीत मालकाची सेक्रेटरी म्हणून लागली आणि बघता बघता तिथल्या फिल्म्स बनवणारी मुख्य बाई झाली. तिची १९०६ ची एक फिल्म आहे, विषय काय तर डोहाळे! पोटुशी बाई रस्त्यानं चाललीय, मागे नवरा बिचारा पोराची गाडी ढकलत. हिला दिसेल ते खावंसं वाटतं. लहान मुलीच्या हातातली कांडीवरची गोळी हिसकावून चोखते, कॅफेत बसलेल्या माणसाचा दारूचा ग्लास उचलून पिते, भिकाऱ्याचा मासा पळवते, एकाची पाइपसुद्धा ओढते. आणि दरवेळी कॅमेरा एकदम जवळ, नुसता तिचा चेहरा, ती मिटक्या मारतेय. १९०६ मध्ये असा जवळून घेतलेला शॉट म्हणजे मोठीच गोष्ट होती, आणि तो कशासाठी वापरला तर बाईला खाताना किती मजा येतेय हे दाखवायला. त्या काळात पुरुषानं काढलेल्या किती फिल्म्सना डोहाळे हा विषय सुचला असता, मला शंका आहे.

तिचीच त्याच वर्षीची दुसरी एक. गादी दुरुस्त करणारी बाई उघड्यावर बसून गादी उसवून भरणा पिंजतेय, मध्येच कामाला उठून जाते, तेवढ्यात एक दारुडा येऊन त्या गादीत शिरून झोपतो. ही परत येऊन बघतबिघत नाही, तशीच शिवून टाकते आणि डोक्यावर घेऊन निघते, आणि मग गादी चालायला लागते. आपल्याकडे पिंजारी दारात येऊन कापूस पिंजायचे, त्या धनुकलीचा आवाज ज्यांना आठवतो त्यांना ही फिल्म काही वेगळी समजावून सांगावी लागणार नाही. पॅरिसमध्येही गाद्या अशाच उसवून परत भरल्या जायच्या, हे मला तरी त्या दारुड्यामुळे कळलं.

आणि मग माक्स लिंडर. काळा कोट, उंच हॅट, हातात काठी, एकदम टापटीप माणूस, चॅप्लिनच्या आधीचा जगभर ओळखला जाणारा पहिला कॉमेडी स्टार हाच, आणि चॅप्लिननं स्वतः त्याला गुरू मानलेलं. त्याची १९१० ची अंघोळीची फिल्म बघाच. डॉक्टर सांगतो, अंघोळ करा. (पॅरिसमधल्या सभ्य माणसाला अंघोळ औषध म्हणून लिहून द्यावी लागते, इथेच अर्धी गोष्ट कळली.) माक्स जाऊन मोठा टब विकत आणतो, कसाबसा घरी पोचवतो, आणि मग लक्षात येतं की घरात नळ नाही. नळ बाहेर, जिन्याजवळच्या पॅसेजमध्ये, सगळ्या मजल्याला मिळून एक. थोडं थोडं पाणी आणून टब भरेना, मग पठ्ठ्या टबच पॅसेजमध्ये नेऊन नळाखाली ठेवतो आणि कपडे काढून बसतो आत. शेजारपाजारचे येतात, बायका किंचाळतात, पोलीस येतात, आणि टबासकट त्याची वरात निघते.

गिरगाव-लालबागच्या चाळीत ज्यांचं बालपण गेलंय त्यांना सामायिक नळ म्हणजे काय हे वेगळं सांगायला नको. पण आपल्या डोक्यात पॅरिस म्हणजे सगळं भारी, आणि तिथे हॅट-कोट घालणारा माणूससुद्धा १९१० साली मजल्यावरच्या नळाला जातो, हे इतिहासाच्या पुस्तकात कुठेतरी एका ओळीत असेलही, इथे तो माणूस उघडा बसलेला दिसतो. टब विकत मिळायला लागला होता, पण घरात पाणी पोचलं नव्हतं. बाजार पुढे आणि पाइपलाइन मागे. फ्रिज आधी आणि वीज नंतर हे आपणही खूप ठिकाणी बघितलंय की.

आता थोडं टेक्निकल, कारण हे न कळता बघितलं तर गैरसमज होतात. लोक म्हणतात जुन्या फिल्म्समध्ये माणसं खेळण्यासारखी तुरुतुरु का चालतात. तर फिल्मच्या एका फुटात १६ चित्रं मावतात आणि एक रीळ असतं १००० फुटांचं. कॅमेरामन हातानं हँडल फिरवायचा, साधारण सेकंदाला १६ ते २० चित्रं या वेगानं, कमी-जास्त व्हायचं. १६ च्या वेगानं दाखवलं तर एक रीळ साडेसोळा मिनिटं चालेल. पुढे आवाज आला तेव्हा वेग २४ वर पक्का केला, आणि जुनं रीळ २४ च्या मशीनवर चढवलं की तेच रीळ अकरा मिनिटांत संपतं. माणसं पळणारच. शिवाय कॉमेडीवाले मुद्दाम हँडल हळू फिरवायचे, म्हणजे पडद्यावर मारामारी फास्ट दिसावी. म्हणून त्या काळचा रस्ता बघताना ही एवढी घाई खरी समजू नका, अर्धी घाई मशीनची आहे.

रंगांचंही तसंच. तेव्हाच्या फिल्मला लाल रंग दिसायचाच नाही, लाल म्हणजे काळा, आणि निळं आकाश पांढरंफटक. म्हणून तोंडाला पांढरा रंग फासलेला आणि ओठ काळेकुट्ट दिसतात. ती काही फॅशन नव्हती.

आणि हो, घरातले सीन बहुतेक घरात नसायचेच. विजेचे दिवे पुरेसे नव्हते म्हणून उघड्यावर लाकडी प्लॅटफॉर्म, त्यावर दोन-तीन भिंती उभ्या केलेल्या, वरून पांढरं कापड ताणून ऊन मऊ केलेलं. म्हणून कधीकधी बंद खोलीतल्या सीनमध्ये टेबलक्लॉथ वाऱ्यानं फडफडताना दिसतो. एकदा दिसला की मग प्रत्येक फिल्ममध्ये तेच शोधत बसायची सवय लागते, आधीच सांगून ठेवतो.

आता अमेरिका. १९०५ मध्ये पिट्सबर्गला ‘निकेलोडियन’ नावाचं थिएटर निघालं, निकेल म्हणजे पाच सेंटचं नाणं, तेवढंच तिकीट, आणि मग गल्लोगल्ली तसली थिएटरं उगवली. गिरणी-कारखान्यातले कामगार, दुकानातल्या मुली, आणि इटली-पोलंड-रशियाहून आलेले लोक, ज्यांना इंग्रजी धड येत नव्हतं. नाटक कळायला भाषा लागते, पाइपावर पाय ठेवायला लागत नाही. आणि हे प्रेक्षक लक्षात घेतले की या फिल्म्समध्ये मार कोण खातं ते पण समजतं. पोलीस, घरमालक, दुकानाचा मॅनेजर, पोट सुटलेले श्रीमंत. दिवसभर ज्यांच्या शिव्या खाल्ल्या ते संध्याकाळी पाच सेंटात तोंडावर आपटताना बघायचे. स्वस्तच म्हणायचं.

मॅक सेनेट नावाच्या निर्मात्यानं १९१२ मध्ये लॉस एंजेलिसला कीस्टोन ही विनोदी फिल्म्सची कंपनी काढली. यांची पद्धत अगदी आपल्या लग्नाच्या व्हिडिओवाल्यांसारखी, जिथे गर्दी तिथे कॅमेरा. परेड असो, रेस असो, फुकटचा सेट आणि फुकटची माणसं. एकदा तर शहरातल्या तलावाचं पाणी काढत होते तर हे गेले चिखलात शूटिंग करायला. चॅप्लिनची ती टोपी-काठीवाली वेशभूषा लोकांसमोर पहिल्यांदा आली तीही अशीच, जानेवारी १९१४ मध्ये कॅलिफोर्नियातल्या व्हेनिस या गावी लहान मुलांच्या छोट्या गाड्यांची खरीखुरी रेस होती, तिथे. फिल्मची गोष्ट एवढीच की एक कॅमेरावाला रेस शूट करायला बघतोय आणि हा विचित्र माणूस सारखा मध्ये येतोय. ढकलून दिलं तरी परत येतोय.

या फिल्ममध्ये चार्लीला सोडा, मागची गर्दी बघा. त्यांना माहीत नाही हा कोण. जगात कुणालाच माहीत नव्हतं. काही जण वैतागलेत, काही नुसते बघतायत, काही पोरं थोड्या वेळानं हसायला लागतात, एखादा थेट कॅमेऱ्यात टक लावून बघतोय. आणि डोक्यावर टोपी नाही असा माणूस सापडत नाही, अगदी पोरांच्या सुद्धा डोक्यावर. टोपी म्हणजे तेव्हा अब्रू. म्हणून तर या सगळ्या कॉमेडीत टोपी उडते, चिरडते, दुसऱ्याच्या डोक्यावर जाते. आज टोपी पडली तर उचलू, तेव्हा ती पडणं म्हणजे आपल्याकडे भर पंगतीत धोतर सुटण्यासारखं असणार. हे एकदा समजलं की ते सारखं टोपी उचलणं पोरकट वाटत नाही.

चॅप्लिन कीस्टोनला आला तेव्हा आठवड्याला १५० डॉलर मिळायचे, आणि दोनच वर्षांनी म्युच्युअल कंपनीनं वर्षाला ६ लाख ७० हजार डॉलर दिले. एवढे पैसे मिळाल्यावर या माणसानं कशावर फिल्म काढली? दहा सेंट कमी पडले यावर. १९१७ ची ‘द इमिग्रंट’. चार्लीला हॉटेलबाहेर रस्त्यावर एक नाणं सापडतं, तो ते खिशात टाकतो, खिशाला भोक. नाणं परत रस्त्यावर, ह्याला पत्ता नाही. आत जाऊन बीन्स मागवतो आणि एकेक दाणा असा खातो की पोट त्यावरच भरायचंय. तेवढ्यात शेजारच्या टेबलावरच्या माणसाला वेटर लोक घेरून तुडवतात, का तर बिलाला दहा सेंट कमी होते. चार्ली खिशात हात घालतो. नाणं नाही. मग तो सीन बघा, काही घडत नाही, नुसता एक माणूस बसलाय आणि वेळ काढतोय, अजून एक कॉफी, अजून थोडं. ते हरवलेलं नाणं दुसऱ्याच एका फाटक्या माणसाला सापडतं, तो त्यानं बिल देतो, वेटरच्या खिशातून ते खाली पडतं, चार्ली त्यावर हळूच बूट ठेवतो. किती मिनिटं फक्त एका नाण्यावर! आणि शेवटी दिलं तर वेटर दातानं चावून बघतो आणि ते वाकतं. खोटं.

ज्याला महिनाअखेर माहीत आहे त्याला या सीनमध्ये हसू आणि घाम दोन्ही एकदम येतं. हॉटेलात मेनूकार्ड हातात आलं की उजवीकडचा कॉलम आधी वाचायचा, हे आम्ही कॉलेजात असताना केलेलं आहे, आणि चार जणांत मिळून बिल देताना खालून पैसे मोजणं पण. चॅप्लिन लंडनच्या गरीब वस्तीत वाढला, आईसकट वर्कहाउसमध्ये, म्हणजे निराधार गरिबांना कामाच्या बदल्यात ठेवून घ्यायचे तिथे, राहून आला, त्याला हे वाचून कळलेलं नव्हतं. याच फिल्मचा पहिला भाग बोटीवरचा आहे, खालच्या वर्गात कोंबलेले लोक, हलणारं जेवणाचं टेबल, आणि स्वातंत्र्यदेवीचा पुतळा दिसताच सगळे बघायला लागतात तोवर अधिकारी येऊन दोरी लावून त्यांना गुरांसारखं एका बाजूला दाबतात. मजा म्हणजे शूटिंग आधी हॉटेलचं झालं, बोट नंतर सुचली.

बस्टर कीटन, त्याच काळातला दुसरा मोठा कॉमेडियन, माझा जास्त आवडता, त्यामुळे इथे जरा जास्त बोलणार. त्याची १९२० ची ‘वन वीक’. नवं जोडपं, लग्नात भेट म्हणून घर मिळतं. घर म्हणजे खोक्यात पॅक केलेलं घर, सोबत कागद, नंबरप्रमाणे जोडा. आपल्याला वाटेल काय कल्पना आहे, पण ही कल्पना नव्हतीच. अमेरिकेत सिअर्स कंपनी १९०८ पासून कॅटलॉगमधून घरं विकत होती, चित्र बघून ऑर्डर द्यायची, रेल्वेनं लाकडं, खिडक्या, खिळे, रंग सगळं यायचं, नंबर घातलेलं, आणि आपण जोडायचं. १९४० पर्यंत त्यांनी सत्तर हजारांच्या वर अशी घरं विकली. म्हणजे थिएटरात बसलेल्यांपैकी कुणाच्या तरी मेव्हण्यानं हे केलेलंच असणार.

फिल्ममध्ये त्या मुलीचा जुना प्रेमी रागानं खोक्यांवरचे नंबर बदलतो. झालं. घर उभं राहतं पण असं की वरच्या मजल्याचं दार थेट हवेत उघडतं, किचनचं सिंक बाहेरच्या भिंतीवर. पण माझा आवडता सीन साधा आहे, कार्पेटचा. बस्टर खोलीत कार्पेट अंथरून चारी बाजूंनी खिळे ठोकतो, आणि मग कळतं की कोट कार्पेटखाली राहिला. वर टेंगूळ दिसतंय. आता परत खिळे कोण काढणार? चाकू घेऊन मधोमध भोक पाडतो, कोट काढतो, आणि भोकावर दुसरी छोटी सतरंजी टाकतो. चेहऱ्यावर काहीही नाही, अगदी कामाला लागलेला माणूस. ज्यानं स्वतः घरी भिंतीला ड्रिल मारून चुकीच्या भोकावर कॅलेंडर लावलंय त्याला हा सीन आपल्याच घरातला वाटेल. आमच्याकडे असं कॅलेंडर आहे, बाराही महिने तिथेच असतं.

आणि मग शुक्रवारी १३ तारखेला गृहप्रवेशाची पार्टी, वादळ, घर भोवऱ्यासारखं फिरतं. ते खरंच फिरतं बरं का, खाली फिरता चौथरा बसवून अख्खं घर फिरवलंय, ट्रिक नाही. नंतर समजतं की घर चुकीच्या प्लॉटवर बांधलंय, पलीकडे न्यायला हवं, रेल्वेरुळांपलीकडे. ओढताना घर रुळांवर अडकतं, ट्रेन येते, दोघं डोळे झाकतात, आणि ट्रेन शेजारच्या रुळावरून निघून जाते. हुश्श होतंय तोवर उलट्या दिशेनं दुसरी ट्रेन येऊन घराच्या चिंध्या करते. बस्टर त्या ढिगाऱ्यावर ‘विकणे आहे’ची पाटी लावतो, सोबत घर जोडायचा तो कागदही चिकटवतो, आणि बायकोचा हात धरून निघून जातो.

स्टॅन लॉरेल आणि ऑलिव्हर हार्डी, म्हणजे जाड्या-रड्या, यांची १९२९ ची ‘बिग बिझनेस’ थोडक्यात सांगतो. दोघं रणरणत्या कॅलिफोर्नियात दारोदार ख्रिसमसची झाडं विकतायत. एका घरमालकाशी वाजतं. तो यांच्या झाडाचा शेंडा कापतो, हे त्याच्या दाराचं लाकूड खरवडतात, तो हार्डीचं घड्याळ फोडतो, हे त्याचा फोन तोडतात, करत करत इकडे अख्खं घर आणि तिकडे अख्खी मोटार खलास. पण दरवेळी समोरचा शांत उभा राहून बघतो, याचं झालं की मग माझी पाळी. सोसायटीच्या मीटिंगमध्ये पार्किंगवरून भांडणं बघितली असतील तर हीच शिस्त असते. पोलीस गाडीत बसून वहीत नोंदी करतोय.

वीसेक वर्षांत पॅसेजमधल्या नळापासून आपण कुठे आलो बघा, स्वतःचं घर, दारात मोटार, बंगल्याला फोन, आणि या सगळ्याची भीती. जे नवीन घरात येतं त्याच्यावर लगेच कॉमेडी बनते, कारण ते नीट वापरता येत नसतं. सरकते जिने, मोटारी, विजेची घरं, सगळं या लोकांनी आधी मोडून दाखवलंय.

रस्त्यांचंही असंच जपलं गेलंय. हॉलिवूडमध्ये काहुएंगा रस्त्याला लागून एक साधी बोळ आहे, तिथे चॅप्लिन, कीटन आणि त्यांच्याच काळातला कॉमेडियन हॅरॉल्ड लॉइड तिघांनीही वेगवेगळ्या वर्षी शूटिंग केलंय. कीटन १९२२ च्या ‘कॉप्स’मध्ये पळता पळता जाणारी मोटार एका हातानं पकडून क्षणात फ्रेमबाहेर जातो ना, ते तिथलंच. लोक जुन्या फ्रेम थांबवून, खिडक्या-पाट्या मोजून अशा जागा शोधून काढतात. मला विचाराल तर हा कीटन बघण्यापेक्षाही जास्त नादी लावणारा उद्योग आहे.

आता हे सगळं खरंखुरं आरशासारखं आहे असं पण नाही. काळ्या लोकांची, चिनी लोकांची, ज्यूंची जी टर या फिल्म्समध्ये उडवली जाते ती आज बघवत नाही, काही ठिकाणी गोऱ्या नटांनी तोंडाला काळं फासून केलेली. तेही रोजचंच होतं म्हणा, प्रेक्षक त्यावर हसायचे. आणि कामवाली, धोबीण, स्वयंपाकीण या बायका सतत दिसतात पण गोष्ट त्यांची क्वचितच.

आपल्याकडचं म्हणाल तर सिनेमा मुंबईत फार लवकर आला. ७ जुलै १८९६ ला वॉटसन हॉटेलात ल्युमिएरांचा शो, तिकीट एक रुपया. ते बघून हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी कॅमेराच मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला कुस्ती शूट केली. फाळक्यांचं ‘राजा हरिश्चंद्र’ आपल्याला पाठ असतं, पण त्यांनी ‘पिठाचे पंजे’ नावाची छोटी विनोदी फिल्मही केली होती हे फार कुणी सांगत नाही. नावावरूनच घरातला पिठाचा डबा डोळ्यासमोर येतो. भारतात सुमारे १३०० मूकपट बनले आणि उरलेत ते मूठभर, कारण तेव्हाची नायट्रेटची फिल्म पेट घ्यायची आणि नाहीतर आपोआप सडायची, आणि सांभाळायला पुण्याचं फिल्म अर्काइव्ह निघालं ते थेट १९६४ मध्ये. १९१९ च्या ‘कालिया मर्दन’चा बराच भाग आहे, त्यात फाळक्यांची मुलगी मंदाकिनी कृष्ण झालीय आणि सुरुवातीला कॅमेऱ्यासमोर नुसती तोंडं करून दाखवते. लोणी चोरायच्या खोड्या करणारी ती पोरगी बघा, देव कमी आणि शेजारचा बंड्या जास्त वाटते. त्या पॅरिसच्या नळासारखा गिरगावातला एखादा नळ १९१० सालचा कुणी विनोदासाठी का होईना शूट करून ठेवला असता तर काय पाहिजे होतं.

असो. भाचीचं राहिलं. घड्याळ फसलं म्हणून मग तिला ती १८९५ ची माळ्याची लावून दिली, पाऊण मिनिटाची तर आहे. पोरानं पाइपावर पाय ठेवला आणि तो पाय उचलायच्या आधीच ही हसायला लागली, कारण आमच्या सोसायटीत वॉचमनकाका रोज संध्याकाळी पाइपानं झाडांना पाणी घालतात आणि तिथे पोरं काय करतात ते तिला चांगलंच माहीत आहे. तीनदा बघितली. मग चप्पल घालून खाली जायला निघाली, आणि मी गॅलरीतून वॉचमनकाकांना आधीच हाक मारून ठेवली.